सरळसोट साग आणि राबाची फांदी



आज मी तुम्हांला एका झाडाची गोष्ट सांगणार आहे. भाईंदरच्या पश्चिमेला उत्तनचा समुद्रकिनारा आणि काशिमिऱ्याच्या बाजूला डोंगरातले रान. हे रान आज संजय गांधी राष्ट्रीय उद्यानात मोडते. इथे साग आहे, ऐन आहे. किनाऱ्यावरची होडी आणि डोंगरातला साग यांचे नाते फार जुने.

तुम्ही म्हणाल, साग काय, लावला की वाढतो! वाढतो खरा, पण साग वाढणे निराळे आणि इमारती लाकूड होणे निराळे. रोपे आधी दाट लावायची, म्हणजे ती उजेडासाठी सरळ वर जातात. पुढे वाकडी, रोगट झाडे काढून विरळणी करायची, म्हणजे उरलेल्यांचा बुंधा भरतो. खुंटाला दहा फुटवे आले, तर एक-दोनच राखायचे. जिथे जाड फांदी, तिथे फळीत गाठ. आणि आतला गाभा पक्का व्हायला पन्नास-साठ वर्षे सहज लागतात. म्हणजे लावतो आजा आणि तोडतो नातू!

असे लाकूड किती टिकते? 1817 साली मुंबईच्या गोदीत वाडिया घराण्यातील कारागिरांनी मलबारी सागाचे ‘ट्रिंकोमाली’ हे लढाऊ जहाज बांधले. दोनशे वर्षे उलटली, तरी ते इंग्लंडात हार्टलपूल येथे पाण्यावर तरंगते आहे.

पण जहाजांच्या भुकेपुढे राने उरेनात. तेव्हा मलबारचा कलेक्टर कॉनोली याने 1840 नंतर निलंबूर येथे सागाची लागवड सुरू केली. आरंभी बी रुजेना; चातू मेनन यांच्या खटपटीने ते रुजले. आपल्या मुंबई इलाख्यात 1847 साली डॉ. गिब्सन हे वनसंरक्षक नेमले गेले. पुढे 1865 आणि 1878 चे जंगल कायदे आले, आणि सरकारी रानाला हद्दी पडल्या.

इथेच खरा पेच उभा राहिला. आपला ठाण्याचा शेतकरी भाताचे रोप टाकण्यापूर्वी दाढ भाजतो. त्याला राब लागतो. राब म्हणजे झाडाच्या छाटलेल्या फांद्या आणि पाला. जंगलखात्याला हवा सरळ, बिनगाठीचा बुंधा. कुणब्याला आणि वारल्याला हवी फांदी. झाड एकच, गरजा दोन! दरवर्षी छाटलेल्या झाडाचे चांगले लाकूड होत नाही, हे खरे. पण राबाशिवाय त्याची पेरणी अडते, हेही तितकेच खरे. तक्रारी इतक्या वाढल्या, की ठाणे आणि कुलाबा जिल्ह्यांतील गाऱ्हाण्यांची चौकशी करायला सरकारने आयोग नेमला. त्याचा अहवाल 1887 साली आला.

आता त्याच्याही मागे चला. 1715 च्या सुमारास रामचंद्रपंत अमात्यांनी ‘आज्ञापत्र’ लिहिले. आरमाराला लाकूड हवेच होते. तरी त्यांनी सांगितले ते असे : राज्यातल्या रानातला साग लागेल तेवढा, परवानगीने तोडावा, अधिक लागला तर परमुलखातून विकत आणावा. आंबा-फणसाला मात्र हात लावू नये. ही झाडे वर्षा-दोन वर्षांत होत नाहीत. रयतेने ती लेकरांसारखी वाढवलेली असतात. एखादे अगदी जीर्ण झाले, तर धन्याला राजी करून, पैसे देऊन तोडावे. जुलूम करू नये.

पाहा, या दोन गोष्टींत शहाणपण एकच आहे. साठ वर्षांचे झाड पहाऱ्याने राखता येत नाही. ते शेजारच्या गावाच्या राजीखुशीने उभे राहते. रानात आपला वाटा आहे, हे ज्याला ठाऊक, तो कोवळा साग तोडत नाही. 2006 च्या वनहक्क कायद्याने हाच वाटा कागदावर मान्य केला. कागदावरचा वाटा पदरात पडला, तरच रान उभे राहील.

शिक्षक मित्रहो, गावात सागाचा जुना खुंट असेल, तर मुलांना तिथे न्या. त्यावरची वर्तुळे मोजायला सांगा. एकेक वर्तुळ म्हणजे एकेक वर्ष. आणि शेतकरी दादांनो, बांधावरचा साग विकायला काढण्याआधी तुम्हीही तो बुंधा निरखून पाहा. तो भरला नसेल, तर नातवासाठी राहू द्या.