बारा दिवसांत लिहिलेलं संगीत

'बॅटलशिप पोटेमकिन' मी पहिल्यांदा पाहिला तो पुण्यात, एका फिल्म सोसायटीच्या खेळाला. सभागृहात प्रोजेक्टरच्या खरखरीखेरीज आवाज नव्हता. मूकपट असाच पाहायचा असतो, अशी आमची भाबडी समजूत. मागच्या रांगेत कुणी खोकलं तरी लोक वळून बघत.

पुढे वाचनात आलं, की ही शांतता खरी नव्हेच. आपल्याकडेसुद्धा मूकपटाच्या खेळाला पेटी-तबलेवाले बसत आणि प्रसंग बघून वाजवत. एकाच चित्रपटासाठी म्हणून संगीत लिहून घेणं ही मात्र चैन होती. १९०८ साली फ्रान्समध्ये कामीय सँ-साँससारख्या नामवंत संगीतकारानं ते केलं होतं, पण असे चित्रपट थोडेच.

'पोटेमकिन'ला ते भाग्य बर्लिनमध्ये लाभलं. १९२६ च्या वसंतात दिग्दर्शक आयझेन्स्टाइन तिथं आला. पिस्काटोरच्या राजकीय नाटकांना संगीत देणाऱ्या एडमंड मायझेलकडे काम सोपवलं गेलं आणि त्यानं ते अवघ्या बारा दिवसांत पुरं केलं, असं सांगतात. शेवटच्या रिळात बंडखोर जहाजासमोर सारं आरमार येतं. तोफा डागणार की नाही? इथं नेहमीची सुरावट नको, नुसता ठोका हवा, असा आयझेन्स्टाइनचा आग्रह होता. मायझेलनं बोटीचं इंजिनच वाद्यवृंदात आणून बसवलं. तोच ठोका पुनःपुन्हा, चढत जाणारा. जर्मन सेन्सॉरनं चित्रपट आधी अडवला, मग कापून सोडला आणि जुलैत पुन्हा बंद केला.

इतकी जुळलेली जोडी फुटली ती लंडनला, १९२९ च्या नोव्हेंबरात. चित्रपटात दगडी सिंहांची प्रसिद्ध जागा आहे. क्रिमियातल्या अलुप्का इथल्या राजवाड्यातले तीन वेगळे पुतळे, एक निजलेला, एक जागा होणारा, एक उठलेला. झरझर दाखवले की एकच सिंह खवळून उठल्यासारखा वाटतो. सगळी करामत वेगाची! आयझेन्स्टाइननं आठवणींत लिहिलंय, की मायझेलनं आपल्या संगीताच्या सोयीसाठी प्रोजेक्टर किंचित हळू चालवायला लावला. सिंह सुटे सुटे दिसले आणि प्रेक्षक हसले. त्यानंतर दोघांचं पटलं नाही.

आयझेन्स्टाइनचा राग रास्तच होता. पण मला मायझेलचीही कणव येते. त्या काळी मूकपटाचा वेग कुठं ठरलेला असे? यंत्र चालवणारा बदलला की वेग बदले, आणि वाद्यवृंदाला त्यामागं धावावं लागे. वर्षभरात, १९३० च्या नोव्हेंबरात, मायझेल छत्तिसाव्या वर्षी वारला. वाद्यवृंदाची मूळ प्रत हरवली, पियानोसाठीची तेवढी उरली.

दरम्यान चित्रपटाला दुसरी संगीतं लागली. १९७६ च्या रशियन आवृत्तीत शोस्ताकोविचच्या सिंफनीतले भाग घातले. ते भव्य आहेत, पण मला ते स्मारकापुढं उभं राहिल्यासारखे वाटतात. तिथं इंजिन धडधडत नाही.

२००५ साली बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात 'पोटेमकिन' कापलेल्या दृश्यांसह दाखवला गेला. मायझेलचं संगीत होतं जर्मन सेन्सॉरनं आखूड केलेल्या प्रतीच्या मापाचं, त्यामुळं ते पुरेना. हेल्मुट इमिग यांनी पियानोच्या प्रतीवरून वाद्यवृंदाची मांडणी नव्यानं केली, संगीत चित्राच्या लांबीला पुरेल इतकं वाढवलं आणि स्वतः काठी हातात घेऊन वाजवून घेतलं.

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)