ॲप स्टोअर : पाचशे ॲप्सपासून सुरुवात

ॲपल कंपनीने आयफोनसाठी ‘ॲप स्टोअर’ हे ऑनलाइन दालन १० जुलै २००८ रोजी सुरू केले. प्रारंभी त्यात सुमारे ५०० ॲप्स उपलब्ध होती.

जून २००७ मध्ये आयफोन अमेरिकेत विक्रीस आला, तेव्हा बाहेरच्या विकासकांना त्यासाठी थेट ॲप तयार करण्याची मुभा नव्हती. त्यांनी ब्राउझरमध्ये चालणारी ॲप्स बनवावीत, अशी कंपनीची भूमिका होती. विकासकांच्या नाराजीनंतर ऑक्टोबर २००७ मध्ये स्टीव्ह जॉब्ज यांनी हे धोरण बदलल्याचे जाहीर केले. ६ मार्च २००८ रोजी ॲपनिर्मितीची साधने सादर झाली.

ॲपची किंमत ठरविण्याचा अधिकार विकासकाला मिळाला. विक्रीतील ७० टक्के रक्कम त्याला, तर ३० टक्के कंपनीला, अशी विभागणी झाली. मात्र प्रत्येक ॲपसाठी कंपनीची मान्यता आवश्यक होती. मान्यता न मिळाल्यास आयफोनधारकांपर्यंत पोहोचण्याचा दुसरा अधिकृत मार्ग नव्हता. ‘गूगल व्हॉइस’ला स्थान न मिळाल्याबद्दल अमेरिकेच्या दळणवळण आयोगाने जुलै २००९ मध्ये ॲपलकडे विचारणा केली.

ग्राहकांचा प्रतिसाद मोठा होता. पहिल्या काही दिवसांतच १ कोटी, तर एप्रिल २००९ पर्यंत १०० कोटी डाउनलोड झाले. गूगलनेही ऑक्टोबर २००८ मध्ये ‘अँड्रॉइड मार्केट’ सुरू केले. मार्च २०१२ मध्ये त्याचे ‘गूगल प्ले’ असे नामकरण झाले.

प्रारंभीच ठरलेला ३० टक्क्यांचा वाटा पुढे वादाचा विषय ठरला. ऑगस्ट २०२० मध्ये एपिक गेम्स या कंपनीने त्याविरोधात अमेरिकेत न्यायालयात धाव घेतली.