पावणेचार फुटांचा नट

आमच्या शाळेच्या संमेलनात एका ठेंगण्या विद्यार्थ्याला मी दरवर्षी विदूषकाचेच काम देत असे. सारे हसत; मीही हसे.

पुढे अमेरिकन नट बिली बार्टी याची हकीकत वाचली आणि मन ओशाळले. जन्म १९२४ चा, उंची पावणेचार फूट. मूकपटांपासून तो पडद्यावर होता. आठ वर्षांचा असता १९३३ च्या एका बोलपटात तो तान्हे बाळ झाला. मोठेपणीही पुष्कळदा हसवण्यासाठीच बोलावणे येई. ती सोंगे त्याने वठवली. पण १९५७ साली रेनो शहरी आपल्यासारख्या वीसएक माणसांना जमवून त्याने ‘लिटल पीपल ऑफ अमेरिका’ ही संस्था उभारली. २००० साली तो निवर्तला. संस्था आजही चालू आहे.

माझा विद्यार्थी केव्हाच शाळा सोडून गेला. ‘तुला कोणते काम हवे?’ हे त्याला विचारायचे मात्र राहूनच गेले.