रामगिरीची स्थाननिश्चिती : युक्तिवाद आणि पुरावा

मेघदूतातील रामगिरी म्हणजेच नागपूर जिल्ह्यातील रामटेक, हे मत विदर्भात इतके रुजले आहे की त्याच्या आधाराची चौकशी सहसा केली जात नाही. नागपुरातील धंतोलीपासून सुमारे ५० कि.मी. अंतरावरील या टेकडीवर कालिदास स्मारक आहे. १९९७ मध्ये स्थापन झालेले संस्कृत विद्यापीठही कविकुलगुरूंच्याच नावाने रामटेकला आहे. परंतु ही या मताची फलिते होत, पुरावे नव्हेत.

वल्लभदेव व मल्लिनाथ या टीकाकारांनी रामगिरी म्हणजे चित्रकूट असे मानले. त्यावरील आक्षेप काव्यातूनच निघतो. उत्तरेकडे जाणाऱ्या मेघाला वाटेत रेवा लागते. चित्रकूट तर नर्मदेच्या उत्तरेस आहे. हा युक्तिवाद बिनतोड आहे. मात्र त्याने चित्रकूट बाद होतो, रामटेक सिद्ध होत नाही. सरगुजातील रामगडचा दावाही अभ्यासकांनी मांडलेला आहेच.

म. म. वा. वि. मिराशी यांनी रामटेकचा पक्ष मांडताना कोरीव लेखांचा आधार घेतला, हे त्यांच्या विवेचनाचे खरे बळ. वाकाटक राणी प्रभावतीगुप्ता हिचा ऋद्धपूर ताम्रपट द्वितीय प्रवरसेनाच्या १९ व्या राज्यवर्षातील असून तो रामगिरिस्वामीच्या चरणांपाशी दिला गेल्याचा त्यात उल्लेख आहे. तिचाच पुणे ताम्रपट नंदिवर्धनाहून दिलेला आहे. नंदिवर्धन म्हणजे रामटेकनजीकचे नगरधन. ताम्रपट दानग्रहीत्याबरोबर कोठेही जातो, त्यामुळे केवळ त्यावरून स्थळ ठरविणे धोक्याचे असते. २०१५ ते २०१८ या काळात नगरधन येथे झालेल्या उत्खननात प्रभावतीगुप्तेच्या नावाचा मातीचा मुद्राठसा मिळाला, तेव्हा मिराशींच्या अनुमानाला जमिनीतून दुजोरा मिळाला. राणीचा रामगिरी रामटेक होता, असे आता बऱ्याच निश्चयाने म्हणता येते.

कवीचा रामगिरी तोच होता काय, हा प्रश्न वेगळा. आणि कवी तेथे राहिला होता काय, हा त्याहून वेगळा. अध्यापनात हे तिन्ही प्रश्न सर्रास एकत्र केले जातात. प्रवरसेनाच्या सेतुबंधाशी कालिदासाचा संबंध उत्तरकालीन टीकाकार जोडतात. ताम्रपटांत अथवा मुद्राठशात कालिदासाचे नाव नाही. प्रभावतीगुप्ता ही द्वितीय चंद्रगुप्ताची कन्या. माहेर आणि सासर यांतील दळणवळणातून रामगिरीची कीर्ती गुप्तांच्या राजसभेत पोहोचली असणे अशक्य नाही. त्यासाठी कवीने टेकडी चढलेलीच असावी असे नाही.