कोष्टकात हरवलेली अक्षरे

१/ ऑगस्ट २०२०. मानवी जनुकांची अधिकृत नावे ठरवणाऱ्या 'ह्यूगो जीन नोमेनक्लेचर कमिटी'ने नामकरणाचे नवे नियम प्रसिद्ध केले. त्याआधीच्या वर्षभरात सुमारे २७ जनुकांची नावे बदलली गेली होती. कारण जीवशास्त्रीय नव्हते. स्प्रेडशीट त्या नावांना तारखा समजत होती, आणि मग शोधूनही ती सापडत नव्हती. या घोटाळ्याचे मूळ ४० वर्षे मागे जाते. 🧵

२/ १९७८ साली हार्वर्ड बिझनेस स्कूलमध्ये शिकत असताना डॅन ब्रिकलिन यांना एक कल्पना सुचली : एक आकडा बदलताच साऱ्या बेरजा आपोआप बदलतील असे कोष्टक. बॉब फ्रँकस्टन यांनी तिचा प्रोग्राम लिहिला. १९७९ मध्ये ॲपल टू संगणकासाठी 'व्हिसिकॅल्क' बाजारात आले आणि हिशेबनिसांचे जग पालटले.

३/ व्हिसिकॅल्कचा नियम साधा होता. सेलमध्ये पहिले अक्षर टंकले की ते 'लेबल', पहिला अंक टंकला की ते 'मूल्य'. गणित मूल्यांचे, लेबल केवळ रकान्याच्या माथ्यावरची पाटी. अंकाने सुरू होणारा मजकूर लिहायचा तर आधी अवतरणचिन्ह द्यावे लागे. या राज्यात आकडा नागरिक होता, शब्द पाहुणा.

४/ १९८३ मध्ये 'लोटस १-२-३' आले. त्यात मजकुराची खूण म्हणून सेलच्या आरंभी एकेरी अवतरणचिन्ह असे. १९८५ च्या दुसऱ्या आवृत्तीत मजकुरावर चालणारी सूत्रे आली आणि त्यांत 'फाइंड' होते. 'बेरीज किती?' या प्रश्नाच्या जोडीला 'हा शब्द या मजकुरात कितव्या जागी आहे?' हा प्रश्नही कोष्टकाला विचारता येऊ लागला.

५/ एक्सेल १९८५ मध्ये मॅकिंटॉशवर आणि १९८७ मध्ये विंडोजवर आले. आजच्या एक्सेलमध्ये या कामाची दोन सूत्रे आहेत. 'फाइंड' रोमन लिपीतील मोठी व लहान अक्षरे वेगळी मानते. 'सर्च' तो भेद मानत नाही. शिवाय त्यात प्रश्नचिन्ह म्हणजे कोणतेही एक अक्षर आणि तारांकन म्हणजे कितीही अक्षरे. शब्द सापडला तर त्याच्या जागेचा क्रमांक मिळतो, नाही तर '#व्हॅल्यू!' ही त्रुटी.

६/ म्हणून अनुभवी लोक 'सर्च'भोवती 'इझनंबर' गुंडाळतात : उत्तर संख्या असेल तर शब्द आहे, नसेल तर नाही. पूर्ण रकान्यात किती सेलांत तो शब्द आहे हे पाहायचे असेल तर 'काउंटइफ'मध्ये शब्दाच्या दोन्ही बाजूंना तारांकन देतात.

७/ मात्र सूत्राला दिसते ते साठवलेले. माणसाला दिसते ते नव्हे. 'मराठी' या शब्दात वाचकाला तीन अक्षरे दिसतात. एक्सेल पाच मोजते, कारण काना आणि वेलांटी युनिकोडमध्ये स्वतंत्र चिन्हे आहेत. या शब्दात 'ठी' शोधली तर उत्तर ३ नव्हे, ४ येते.

८/ हेच अंतर जनुकांच्या यादीत महागात पडले. पेशीविभाजनात भाग घेणाऱ्या सेप्टिन प्रथिनांच्या एका जनुकाचे नाव होते 'सेप्ट२'. २०१६ साली ते एक्सेलमध्ये टंकले असते तर पडद्यावर '२-सप्टेंबर' दिसले असते आणि सेलमध्ये साठले असते ४२६१५ : जानेवारी १९०० पासून मोजलेला दिवसांचा क्रमांक.

९/ आता त्या सेलमध्ये 'सेप्ट' शोधा. पडद्यावर महिना दिसतो, तरी उत्तर '#व्हॅल्यू!'. 'सर्च' चाळते ते ४२६१५ हे अंक. मूळ अक्षरे तिथे उरलेलीच नसतात. शोधणाऱ्याला वाटते, यादीत हे जनुक नाहीच.

१०/ २००४ मध्येच संशोधकांनी हा इशारा दिला होता. कर्करोगाच्या संशोधनातील 'डेक१' या जनुकाची १ डिसेंबर झाल्याचे त्यांनी दाखवले. काही सांकेतिक क्रमांकांच्या मध्ये रोमन 'ई' होते. एक्सेलने ते घातांक समजून त्यांच्या अवाढव्य संख्या केल्या. इशारा छापला गेला, चुका चालू राहिल्या.

११/ दरम्यान मजकूरशोधाची दुसरी परंपरा वाढत होती. गणिती स्टीफन क्लीनी यांनी १९५० च्या दशकात 'रेग्युलर एक्स्प्रेशन' ही संकल्पना मांडली. केन थॉम्पसन यांनी १९६८ मध्ये तिच्यावर आधारित शोधपद्धती प्रसिद्ध केली. पुढे युनिक्समध्ये त्यांचेच 'ग्रेप' आले. इथे शब्द नाही, शब्दाचा साचा शोधला जातो : 'एक-दोन अंक, मग महिन्याचे नाव'.

१२/ २०१६ मध्ये मेलबर्नच्या संशोधकांनी असे साचे १८ नियतकालिकांच्या शोधनिबंधांना जोडलेल्या एक्सेल फाइलींवर चालवले. जनुकयाद्या जोडलेल्या निबंधांपैकी सुमारे एक पंचमांश निबंधांत बिघडलेली नावे निघाली. अक्षरे हरवली होती. त्यांच्या जागी आलेल्या तारखांनी चोरी उघड केली.

१३/ अखेर 'सेप्ट२'चे 'सेप्टिन२' झाले, 'मार्च१'चे 'मार्चएफ१'. साच्यांनी शोधणारी सूत्रे एक्सेलमध्ये २०२४ मध्ये आली. त्याआधी, २०२३ मध्ये, मायक्रोसॉफ्टने आपोआप होणारी रूपांतरे बंद करण्याची सोय दिली होती. तोवर २००४ च्या इशाऱ्याला १९ वर्षे झाली होती.

१४/ लोटसचे ते एकेरी अवतरणचिन्ह मात्र एक्सेलमध्ये आजही चालते. सेलच्या आरंभी ते दिले, किंवा माहिती भरण्यापूर्वी रकाना 'टेक्स्ट' ठरवला, तर 'सेप्ट२' हे 'सेप्ट२'च राहते. शोधाचे सूत्र कितीही हुशार असो, जे मजकूर म्हणून साठवलेच नाही, ते त्याला सापडणार नाही.