इनडोअर स्टेडियममध्ये फुल्ल रेंज असूनही नेट का चालत नाही?

मध्यंतरी धाकट्या भावासोबत एका इनडोअर स्टेडियममध्ये कबड्डीची मॅच बघायला गेलो होतो. त्याने तिकीट घरीच उघडून ठेवलं होतं, तो आत गेला. माझ्या फोनवर रेंजच्या चारही काड्या होत्या, पण क्यूआर कोड काही लोड होईना. भावाला फोनही लागेना. बारा वर्षांचं पोर आत एकटं, मी गेटवर! असं का होतं, ते समजून घेऊया.

बहुउद्देशीय इनडोअर स्टेडियम म्हणजे काय?

मध्ये खांब नसलेला मोठा हॉल, भोवती खुर्च्या आणि कार्यक्रमानुसार बदलणारं मैदान. मुंबईत वरळीचा एनएससीआय डोम हे आपल्याकडचं चांगलं उदाहरण. प्रो कबड्डी लीगची पहिली मॅच २६ जुलै २०१४ ला इथेच झाली, यू मुंबा विरुद्ध जयपूर पिंक पँथर्स. ऑक्टोबर २०१९ मध्ये एनबीएच्या भारतातल्या पहिल्या दोन मॅचेसही इथेच झाल्या. कबड्डीचं मैदान १३ बाय १० मीटर. एनबीएचं कोर्ट क्षेत्रफळात त्याच्या तिपटीहून मोठं. २०२० मध्ये कोरोनाच्या काळात तर याच डोममध्ये रुग्णांसाठी खाटा लागल्या.

मग नेटवर्क कुठे अडतं?

काड्या फक्त सिग्नल किती जोरात येतोय ते सांगतात. टॉवरकडे जागा किती शिल्लक आहे, ते सांगत नाहीत. समजा, ५ हजार लोक एकाच वेळी व्हिडिओ अपलोड करतायत. टॉवरची क्षमता सगळ्यांत वाटली जाते, त्यामुळे प्रत्येकाच्या वाट्याला थेंबभर येते. त्यात जाड काँक्रीट आणि धातूचं छत बाहेरचा सिग्नल अडवतात. माणसांची शरीरंसुद्धा तो शोषतात.

यावर उपाय काय?

मोठ्या स्टेडियममध्ये छताला, खुर्च्यांजवळ बरेच छोटे अँटेना लावतात. याला डिस्ट्रिब्युटेड अँटेना सिस्टिम म्हणतात. हॉलचे भाग पाडून प्रत्येक भागाला वेगळी क्षमता दिली, की गर्दी विभागली जाते. जोडीला वाय-फाय असेल तर मोबाइल नेटवर्कवरचा ताण आणखी कमी होतो.

तुम्ही काय करायचं?

- तिकीट घरीच उघडा, शक्य असेल तर फोनच्या वॉलेटमध्ये सेव्ह करा. काही अ‍ॅप्समध्ये क्यूआर कोड सतत बदलतो, तिथे स्क्रीनशॉट चालत नाही.
- व्हॉट्सअ‍ॅप अडकलं तर साधा एसएमएस करा. त्याला अगदी थोडा डेटा पुरतो.
- व्हिडिओ घरी जाऊन अपलोड करा.
- चुकामूक झाली तर कुठे भेटायचं, हे आत जाण्याआधीच ठरवा.

त्या दिवशी शेवटी एसएमएसच पोहोचला, "दादा, मी गेटपाशीच थांबलोय." तेव्हापासून भेटायची जागा आम्ही आधीच ठरवतो.