कोऱ्या कडेची कुळकथा

शाळेच्या वहीत डाव्या अंगाला उभी लाल रेघ असते आणि तिच्या पलीकडे समास सोडायचा असतो, हे पहिलीपासून अंगवळणी पडते. ती पट्टी कोरी का ठेवायची? बाई म्हणतील, शेरा मारायला. छापखानेवाला म्हणेल, बांधणीला. मला पटलेले कारण मात्र साडेतीनशे वर्षांपूर्वीचे आहे, आणि ते सांगणारा माणूस जालना जिल्ह्यातल्या जांबचा आहे.

नारायण सूर्याजीपंत ठोसर, म्हणजे समर्थ रामदास. जन्म १६०८, गाव जांब, आजचा तालुका घनसावंगी. लग्नमंडपातून पळणे, टाकळी, चाफळ, सज्जनगड हे सगळ्यांना पाठ आहे. दासबोधाचा एकोणिसावा दशक मात्र बहुतेक वाचक भराभर उलटतात, आणि तिथेच गंमत आहे. त्याचा पहिला समास 'लेखनक्रियानिरूपण'. ब्रह्म, माया, विवेक बाजूला ठेवून समर्थ इथे बरू तासायला बसतात. अक्षर वाटोळे, सरळ, मोकळे हवे. ग्रंथाच्या पहिल्या अक्षराचे वळण शेवटच्या अक्षरापर्यंत टिकायला हवे. काना, मात्रा, वेलांटी एका घडणीची असावी, एका ओळीचे दुसऱ्या ओळीला लागू नये. देशोदेशीचे बरू, हिंगूळ, शाईचा साठा, पोथीला बासन, मेणकापड, पेटी आणि पेटीला कुलूप, इथपर्यंत यादी जाते.

या यादीत दोन सूचना अशा आहेत की त्यांच्यावरून माझी नजर हलेना. पहिली अशी की पानाच्या चारी बाजूंनी जागा सोडावी आणि मजकूर मधोमध लिहावा, म्हणजे कागद झडला तरी अक्षराला धक्का लागणार नाही. दुसरी अशी की तरुणपणी फार बारीक लिहू नये, म्हातारपणी ते उपयोगी पडत नाही, म्हणून मध्यम लिहावे. समोरच्या वाचकाची सोय पाहणारा माणूस असे लिहीत नाही. कागद झडेल तेव्हा पोथी हातात कोण धरणार, हे डोळ्यांपुढे आणून तो लेखनिकाला बजावतो आहे. आणि त्या पुढच्या वाचकांतला एक तर लेखनिक स्वतःच, चाळिशी उलटून गेलेला.

यावर पहिला आक्षेप ठरलेला: कोरी कड रामदासांच्या आधीपासून होती. होती, मान्य. ताडपत्राची टोके आधी तुटत, ताडपत्राचाच आडवा आकार कागदी पोथीने उचलला, आणि सवय सोबत आली. संस्कृत पोथ्यांच्या शेवटी तर लेखनिक पोथीच्या तोंडूनच विनवतात की मला तेलापासून जपा, पाण्यापासून जपा, बांधणी सैल पडू देऊ नका, मूर्खाच्या हाती देऊ नका. (पाण्याची भीती खरीच. काजळ आणि डिंकाची शाई शतकानुशतके काळी राहते, पण ओल लागली की पसरते.) सवय जुनी असली, तरी तिचे कारण नियम म्हणून मराठीत ठणकावण्याचे श्रेय मी जांबकरांनाच देतो.

दुसरा तर्क असा की समर्थांना हे बाळकडू घरातूनच मिळाले, कारण ठोसरांकडे गावचे कुळकर्ण होते. मला हा तर्क उलटा वाटतो. कुळकर्ण्याचे दप्तर मोडीत. आधी ओळभर रेघ ओढायची, मग तिला अक्षरे लटकवत हात न उचलता धावायचे. शब्दांत फट नाही, ऱ्हस्व-दीर्घाची पर्वा नाही. ते वाचणार कोण, तर दुसरा कुळकर्णी किंवा कचेरीतला कारकून. समर्थ मागतात ते बाळबोध अक्षर, तेही सुटे आणि मोकळे. मला तर हा समास मोडीच्या घरातून बाहेर पडलेल्या मुलाची तक्रारच वाटतो.

समर्थांच्याच जालना जिल्ह्यात, भोकरदन तालुक्यात जाळीचा देव आहे, महानुभावांचे मोठे स्थान. त्या पंथाने नेमकी दुसरी वाट धरली. अक्षरांची अदलाबदल करून सकळ लिपी केली आणि ग्रंथ तिच्यात ठेवले. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला तिचा उलगडा होईपर्यंत बाहेरच्यांना ते बंदच होते. जपणूक दोघांचीही कडेकोट. फक्त महानुभावांना पुढचा वाचक आपलाच हवा होता, रामदासांना कोणीही चालणार होता.

आता मुख्य भांडण. पानाच्या कडेला 'समास' का म्हणतात? संस्कृतात समास म्हणजे एकत्र आणणे, संक्षेप. दासबोधाचे २० दशक, प्रत्येकाचे १० समास, ते या अर्थाने. एक तोडगा असा की अक्षरे मध्यभागी आवळली म्हणून उरलेला भाग समास. ओढूनताणून वाटते, कारण मग मजकुराला समास म्हटले असते, कडेला नव्हे. माझा पैज लावून सांगितलेला अंदाज वेगळा आहे. पोथीच्या कडेला ग्रंथाच्या नावाची आद्याक्षरे, प्रकरणाची खूण आणि पानाचा आकडा लिहीत, म्हणजे सगळा संक्षेप तिथेच. 'समास बघ' म्हणजे कडेला बघ, असे होता होता जागेलाच नाव चिकटले असणार. गळलेली अक्षरेही काकपदाची खूण करून तिथेच लिहीत, त्यामुळे नजर वारंवार तिकडे जाईच.

दासबोधातले हे नियम कागदावर उतरवणारा पहिला हात समर्थांचे शिष्य कल्याणस्वामी यांचा, असे परंपरा मानते. त्यांच्या हातची म्हणून डोमगावच्या मठात जपलेली दासबोधाची प्रत धुळ्याच्या शंकर श्रीकृष्ण देवांनी अभ्यासली आणि तिच्यावरून ग्रंथ छापला. देवांच्या धुळ्यातल्या समर्थ वाग्देवता मंदिरात समर्थांच्या हातचे मानले जाणारे वाल्मीकि रामायणही आहे. ज्यांना माझा मोडीचा तर्क खोडायचा असेल त्यांनी तिथून सुरुवात करावी.